लिओबार्दोच्या कानातला वाटाणा

मित्रांनो, मी एक जुना वाटाणा आहे. उसळीतला नव्हे, कानातला. मेक्सिको शहरातल्या मालिकांच्या स्टुडिओत नटाच्या कानात एक इवलेसे यंत्र बसवतात, त्याला इथे सगळे वाटाणाच म्हणतात. काचेच्या खोलीत बसलेली प्रॉम्प्टरबाई संवाद वाचते, तो माझ्यातून नटाच्या कानात उतरतो आणि लगेच त्याच्या ओठांवर येतो. माझे काम ऐकवण्याचे. ऐकायला मात्र मी माझा मीच शिकलो.

ऐकू कमी येणाऱ्यांची यंत्रे दुरुस्त करणाऱ्या एका म्हाताऱ्या कारागिराने मला घडवले. त्याने लिओबार्दो किंतानार नावाच्या तरुणाच्या कानात मऊ लगदा ओतला. "हलू नकोस रे! गुदगुल्या काय तुला एकट्यालाच होतात?" तो ओरडला. त्या साच्यातून मी निघालो. म्हणजे मी फक्त लिओबार्दोच्याच कानात बसणार, हे जन्मतःच ठरले.

लिओबार्दो नदीकाठच्या तलाकोताल्पान गावाहून नट व्हायला आला होता. पहिल्या मालिकेत तो श्रीमंत घरचा गाडीचालक झाला. दिवसाला वीसेक प्रसंग उरकायचे आणि संवाद त्याच सकाळी हातात पडायचे. पाठ करायला वेळ होता कुणाला? मग काचेमागून एल्विराबाई बोलायच्या. त्यांचा आवाज कॉफी आणि सिगारेटने खरखरीत झालेला. "'माझ्यावर विश्वास ठेवा, मालकीणबाई.' थांब. डावीकडे बघ. आता डोळ्यांत पाणी." आणि लिओबार्दोच्या डोळ्यांत खरेच पाणी यायचे.

एकदा नायिकेला मिठीत घेऊन तो उभा असताना एल्विराबाई काचेच्या खोलीत शेजारी बसलेल्या मुलीला म्हणाल्या, "दार लावून घे गं, वारा येतोय." लिओबार्दो गहिवरून नायिकेला म्हणाला, "दार लावून घे गं, वारा येतोय." दिग्दर्शकाला ते इतके आवडले की त्याने ते तसेच ठेवले!

बघता बघता गाडीचालकाचा नायक झाला. त्याच्या मालिका देशोदेशी जाऊ लागल्या. बाजारात गेलो की बायका त्याला घेरायच्या. एकदा तमाल, म्हणजे पानात गुंडाळून वाफवलेले मक्याचे उंडे, विकणाऱ्या काकूंनी टोपलीवरचे झाकणच घट्ट धरून ठेवले.

"आंधळ्या बायकोला टाकून पळालास, आणि वर माझ्याकडे तमाल मागतोस?"

"अहो काकू, ती मालिका आहे!"

"मालिका असली म्हणून काय झालं? ती बिचारी काल रात्रभर रडत होती. तमाल देते, पण चटणी मिळायची नाही."

असे कौतुक आणि असा राग दोन्ही मी कानात बसून ऐकत होतो. पण माझ्या मनात एक कुतूहल होते. एल्विराबाई क्षणभर थांबल्या की लिओबार्दोही थांबायचा. त्या थांबण्यात आत काय चालत असेल? सांगायला कुणीच नसेल तर हा माणूस स्वतःहून काय बोलेल? इतकी वर्षे मी त्याच्या इतक्या जवळ होतो, तरी मला ते माहीत नव्हते.

एके दिवशी रागन्हिल्ड नावाच्या नॉर्वेच्या दिग्दर्शिका शहरात आल्या. त्यांना आपल्या चित्रपटासाठी मेक्सिकन खलाशी हवा होता. त्यांनी लिओबार्दोला हॉटेलवर परीक्षेला बोलावले. तो इतका घाबरला की त्याने एल्विराबाईंना खाली गाडीत बसवले आणि मला कानात घालून वर गेला. त्या गाडीतून वाचत होत्या, तो वर बोलत होता. एक शब्दही चुकला नाही.

"फार छान," रागन्हिल्डबाई मोडक्यातोडक्या स्पॅनिशमध्ये म्हणाल्या. "पण मी बोलत होते तेव्हा तुम्ही कुणाचं ऐकत होता?"

लिओबार्दोचा चेहरा उतरला. त्याने मला कानातून काढून टेबलावर ठेवले.

"आता तुम्ही गाव सोडलंत त्या दिवसाचं सांगा," त्या म्हणाल्या.

त्याने तोंड उघडले. शब्द फुटेना. मी टेबलावर पडून वाट पाहत राहिलो. खाली बाईंना काहीच कळत नव्हते. "लिओ? अरे, ऐकू येतंय ना?" असे त्या माझ्यातून पुटपुटत होत्या. शेवटी त्या धापा टाकत जिना चढून आल्या आणि दारातच थबकल्या, कारण लिओबार्दो बोलत होता.

"आई धक्क्यापर्यंत आली होती. पायमोजे घेतलेस का, एवढंच तिनं विचारलं. मी मान वर न करता हो म्हणालो. घेतले नव्हते. मला वाटलं, नाही म्हटलं तर ही पायमोज्यांवरून रडेल. मग होडी सुटली."

भूमिका त्याला मिळाली. अट एकच होती, मी कानात असता कामा नये.

जिना उतरताना एल्विराबाईंचा बांध फुटला. "बारा वर्षं मी तुझ्या कानात रडले, म्हणून तू पडद्यावर रडलास. आणि आज मला टेबलावर ठेवलंस?"

"बाई, मला फार भीती वाटतेय."

त्या दोन पायऱ्या उतरल्या आणि वळल्या. "मग उद्यापासून घरी ये. पण आधीच सांगते, स्वयंपाक साधाच असेल."

पुढचे काही आठवडे बाईंच्या स्वयंपाकघरात घेवड्याची उसळ शिजत होती आणि लिओबार्दो परक्या भाषेतले संवाद पाठ करत होता. तो अडखळला की सवयीने बाईंच्या जिभेवर पुढचा शब्द यायचा. मग त्या घाईघाईने तोंडात गोड पाव कोंबून गप्प बसायच्या. त्या महिन्यात त्या चांगल्याच जाड झाल्या.

मला त्याने आधार म्हणून पेपरमिंटच्या डबीत घालून कोटाच्या खिशातून नॉर्वेला नेले. पहिल्याच दृश्यात तो अडला. समोरचा म्हातारा नट शांतपणे वाट बघत राहिला, कुणी घाई केली नाही. आणि शब्द आले. तो चित्रपट खूप गाजला. मग स्पेनमध्ये, इंग्लंडमध्ये, अमेरिकेत कामे मिळू लागली. अमेरिकेत मात्र त्याच्या हातात बहुतेक वेळा बंदूकच असायची.

"या खेपेलाही लवकरच मरतो, बाई," तो फोनवर सांगायचा.

"निदान मरताना दोन वाक्यं तरी देतात का?"

"कसली वाक्यं? नुसतं 'आ'!"

"मग ते 'आ' तरी नीट म्हण हो. गावाकडं बघतील."

हळूहळू त्याला माझी गरज उरली नाही. डबी कपाटात गेली आणि कितीतरी वर्षे मी अंधारात पडून होतो. त्याला दोष कसा देऊ? पण अंधार तो अंधारच.

लिओबार्दोचे केस पिकले तेव्हा एका मालिकेतल्या बापाच्या भूमिकेसाठी त्याला बोलावणे आले. "वाचायला एल्विराबाई असतील तर येतो," तो म्हणाला. बाईंची निवृत्ती तोंडावर आली होती. त्याने मला शोधून काढले, नवी बॅटरी घातली आणि कानात बसवले. पण मी डगमगू लागलो. कान म्हणे म्हातारपणीही वाढत राहतात. माझ्यासाठी तो आता मोठा झाला होता.

प्रसंग असा होता. टाकून दिलेल्या मुलीच्या दारात बाप अनेक वर्षांनी उभा राहतो. मुलीचे काम यारेत्सी नावाची तरुण नटी करत होती. "तुम्ही आलात कशाला?" तिने विचारले. लिओबार्दोने मान वळवली आणि मी घरंगळून गालिच्यावर पडलो.

"'तुला बघायला आलो, बाळ,'" माझ्यातून बाई वाचत होत्या. ते ऐकायला फक्त गालिचा होता. काचेतून त्यांना मी खाली दिसलो असणार, कारण त्या मध्येच थांबल्या. हात वर केला असता तर चित्रीकरण थांबले असते. त्यांनी हात वर केला नाही.

लिओबार्दो मुलीकडे बघत राहिला. इतकी लांब शांतता मालिकेत कुणी चालवून घेत नाही. मी खालून त्याचा चेहरा पाहिला. तो पुढचे वाक्य आठवत नव्हता. तिने काय विचारले, तेच तो अजून ऐकत होता. इतकी वर्षे मला ज्याचे कुतूहल होते, ते हेच होते.

"माहीत नाही," तो शेवटी म्हणाला. "दारापर्यंत यायचं ठरवलं होतं. पुढचं काही ठरवलं नव्हतं."

यारेत्सी रडू लागली. तिला कुणी 'डोळ्यांत पाणी' असे सांगितले नव्हते. माझ्यातून फक्त बाईंचा श्वास येत होता.

प्रसंग संपताच उडालेल्या गडबडीत कुणाचा तरी बूट माझ्यावर पडला आणि मला तडा गेला. लिओबार्दोने मला रुमालाने पुसून बाईंच्या हातात दिले.

"मला काय करायचाय हा फुटका वाटाणा?" त्या म्हणाल्या. आणि लगेच, "दे इकडे, कुठंतरी हरवशील."

आता मी त्यांच्या स्वयंपाकघरात मिठाच्या बरणीशेजारी असतो. मित्रांनो, छोट्या यंत्रांना पायदळी तुडवू नका, एवढे तर मी मागणारच. पण माझे खरे मागणे निराळे आहे. रविवारी लिओबार्दो इथे जेवायला येतो. बाईंचे वय झाले आहे. गोष्ट सांगता सांगता त्यांना मध्येच एखादा शब्द सापडत नाही. लिओबार्दोला तो माहीत असतो. तो सांगत नाही. हातातला घास तसाच धरून तो त्यांच्याकडे बघत थांबतो, आणि बाईंना त्यांचा शब्द सापडतो. तुम्हीही कुणासाठी असे थांबत जा.