उज्वलाच्या धुऱ्यावर

दुसऱ्याच्या शेतात पाऊल टाकण्यापूर्वी धुऱ्यावर थांबावे आणि हाक द्यावी, ही शिस्त मी माझ्या मुलांना, सुनांना आणि शेतावरच्या गड्यांना लावली. दोन शेतांमधला तो हातभर रुंदीचा मातीचा बांध म्हणजे आमच्याकडे घराचा उंबरठाच. मालक समोर उभा दिसत असला तरी हाक द्यायची आणि त्याने 'या' म्हटल्यावरच आत जायचे. चौऱ्याहत्तर वर्षांत ही शिस्त मी एकदाच मोडली, आणि तीही अशा शेतात, ज्याचा सातबारा कोणत्याही तलाठ्याकडे मिळणार नाही.

आमची जमीन शिरूर अनंतपाळजवळ आहे. यजमान गेल्यावर बावीस एकरांचा कारभार मी एकटीने सांभाळला. आता गुडघे साथ देत नाहीत म्हणून लातूरला धाकट्या मुलाकडे, दयानंदाकडे राहते. त्याची मुलगी पुनम आठवीत आहे. तिची मैत्रीण उज्वला आमच्याच इमारतीत खालच्या मजल्यावर राहत असे. गेल्या जूनमध्ये तिच्या वडिलांची नांदेडला बदली झाली. निरोपाच्या वेळी दोघी इतक्या रडल्या की रिक्षावाल्याने मीटरविना चालणारी आपली रिक्षासुद्धा बंद करून ठेवली. मला वाटले, पंधरा दिवसांत विसरतील.

विसरल्या नाहीत. रोज संध्याकाळी पुनम फोन घेऊन माझ्या शेजारी बसे आणि म्हणे, "आजी, मी उज्वलाकडं जाऊन येते." जागची मात्र हलत नसे.

तो एक खेळ होता. त्यात सारे चौकोनी ठोकळ्यांचे: माती चौकोनी, झाडे चौकोनी, मेंढ्यासुद्धा चौकोनी. खेळणाऱ्याने आपले जग उभारायचे आणि मित्रांना त्यात बोलवायचे. मला प्रथम हा निव्वळ वेळेचा अपव्यय वाटला. परंतु एके दिवशी वाटाणे सोलता सोलता माझी नजर पडद्यावर गेली आणि तिथे गहू दिसला.

"हे कुणाचं शेत?" मी विचारले.

"दोघींचं. पण जग उज्वलाचं हाय. तिनं उघडलं की मी जाते."

"आणि तिनं नाही उघडलं तर?"

"तर बसते हितं, तुझ्यासंगं वाटाणे सोलत."

त्या दिवसापासून मी चष्मा लावून बघू लागले. शेताचा डावा भाग उज्वलाचा आणि उजवा पुनमचा. प्रत्येकीच्या नऊ नऊ ओळी. गहू चार महिन्यांऐवजी दोन-चार घटकांत पिकत असे, हे मला अजिबात पटले नाही, तरी ओळी सरळ होत्या. पुनमचा एक दोष मात्र तिथेही सुटला नव्हता. मेंढ्यांच्या वाड्यातून बाहेर पडताना ती फाटक कधीच लावत नसे.

"फाटक," मी म्हणायची.

"आजी, खोट्या मेंढ्या हायत."

"मेंढ्या खोट्या असतील, खाल्लेला गहू खरा आहे ना तुझा? मग लाव."

तिनेच मला शिकवले की डाव्या अंगठ्याने चालायचे आणि उजव्याने दाबून धरले की समोरचा ठोकळा फुटतो. त्या शिकवणुकीचा असा उपयोग होईल, हे तिच्या स्वप्नातही नसेल.

येळवशीच्या आधीच्या रविवारची सकाळ होती. येळवस, म्हणजे वेळ अमावस्या, हा आमच्या लातूरकडचा मोठा सण. त्या दिवशी शहर ओस पडते. ज्यांना शेत आहे ते आपल्या शेतात जातात, ज्यांना नाही ते बोलावणाऱ्याच्या शेतात. कडब्याची कोप, म्हणजे छोटी झोपडी, उभारायची, तीत पाच दगडांना चुना लावून मांडायचे, पूजा करायची आणि मग आल्या-गेल्या साऱ्यांना शेंगा-भाज्यांची भज्जी, बाजरीचे उंडे आणि ताकातली आंबील पोटभर वाढायची. उज्वलाचे घर दर वर्षी आमच्याच कोपीत जेवत असे.

पुनम न्हायला गेली होती. फोन माझ्या पलंगावर उघडाच पडला होता आणि पडद्यावर उज्वलाचे जग चालू होते. उज्वला स्वतः बहुधा नाश्त्याला उठली असावी, कारण तिचा ठोकळ्यांचा पुतळा विहिरीपाशी निश्चल उभा होता. मी सहज शेताकडे पाहिले, मग चष्मा पुसून पुन्हा पाहिले.

दोन भागांच्या मध्ये काळ्या दगडांची भिंत उभी राहिली होती. मी पुनमच्या ओळी मोजल्या. नऊ नव्हत्या, सहा होत्या. पुन्हा मोजल्या, तरी सहाच. आणि त्या भिंतीच्या पलीकडे, पुनमच्या गेलेल्या तीन ओळींवर, कडब्याची गंजी रचलेली होती, आजूबाजूला दिवे.

हे मी ओळखत होते. माझे चुलत दीर भीमाशंकर यांनी आमचा धुरा असाच कोरला होता. आधी थोडा नांगर सरकवायचा, मग दगड लावायचे, मग त्यावर गंजी रचायची म्हणजे कोणी हलवा म्हणणार नाही. अकरा वर्षे मी त्यांच्याशी भांडले. मोजणी आणली, दोन हात जमीन परत घेतली आणि मगच त्यांच्या घरचे पाणी प्यायले. आता माझ्या डोळ्यांदेखत माझ्या नातीची जमीन जात होती आणि ती बिचारी न्हाणीघरात गाणे म्हणत होती.

मी फोन उचलला. हाक दिली नाही. डाव्या अंगठ्याने भिंतीपाशी गेले आणि उजव्याने एकेक दगड फोडू लागले. नऊ दगड निघाले. दहाव्याला हात घालणार तोच पलीकडून पाणी आले. भिंतीमागे पाणी कोंडलेले होते, ते मला दिसले नव्हते. बघता बघता गहू मुळासकट उपटून तरंगू लागला. गंजीजवळच्या दिव्यांपैकी एकही उरला नाही. मी दोन पावले मागे सरले, मेंढ्यांच्या वाड्याचे फाटक उघडे होते ते लावले आणि फोन होता तसा पलंगावर ठेवला.

मग वाटाण्याच्या शेंगा भरलेले सूप पुढे ओढले. पुनम केस पुसत आली तेव्हा मी शेंगा सोलत होते.

दुपारपर्यंत तिला त्या जगातून काढून टाकलेले होते. तिने फोन केला, उज्वलाने उचलला नाही. संध्याकाळी एकच ओळ आली: "तुझ्याच नावाचा माणूस भिंत फोडत होता, मी डोळ्यांनी बघितलं."

"मी न्हाई केलं," पुनम पुन्हा पुन्हा म्हणत राहिली. तिची आई सिंधु म्हणाली, "जाऊ दे गं, खेळातलं भांडण हाय." पुनमने ताटावरून उठून हात धुतले. दुसऱ्या दिवशीही अर्धी भाकरी टाकली. शाळेत मैत्रिणी तिला होत्या, परंतु दिवसभराचे सारे काही जिला सांगावे अशी एकच होती, आणि तिचे दार बंद झाले होते. मी गप्प राहिले. पोरींचे भांडण आहे, चार दिवसांत मिटेल, असे मी स्वतःला बजावत होते. खरे कारण वेगळे होते. चूक कबूल करण्याची सवय मला नव्हती, कारण तशी वेळ मी कधी येऊच दिली नव्हती.

मंगळवारी सिंधु भज्जीसाठी तुरीच्या शेंगा निवडत होती. मी विचारले, "उज्वलाचं घर परवा किती वाजता येतंय?"

"ते येणार न्हाईत, आत्याबाई. तिच्या वडिलांना सुट्टी मिळंना."

पुनम कोपऱ्यातून म्हणाली, "म्हणूनच तर ती कोप बांधून राहिली होती."

"कोणती कोप?"

"तिच्या जगात. तिनं आता लिवून कळवलं. दरसाल आपण तिला बोलवतो, तिला शेतच न्हाई तर ती कुणाला बोलवणार? यंदा तिच्या शेतात मला बोलवणार होती. माझ्या तीन ओळी घेऊन तिनं कोप रचली, भोवती पाण्याचा पाट केला, पाच दगड मांडले, दिवे लावले. मला आधी सांगायचं नव्हतं तिला. आणि ती म्हणते, तूच येऊन सगळं बुडवलंस."

ज्या मुलीने पाच वर्षे आमच्या कोपीत मांडी घालून उंडे खाल्ले, तिने पहिल्यांदा यजमान व्हायचे ठरवले होते, आणि तिची कोप मी गंजी समजून बुडवली होती. बावीस एकरांच्या मालकिणीला कोप ओळखता आली नाही.

"पुनम," मी म्हणाले, "ती भिंत मी फोडली."

सिंधुने सूप खाली ठेवले. पुनम कोपऱ्यातून उठून माझ्यासमोर आली.

"तू?"

"तुझ्या तीन ओळी कमी भरल्या. मला वाटलं धुरा कोरला."

पुनमचा चेहरा रडण्याच्या बेतात होता, तो मध्येच बदलला. "आजी, तू उज्वलाला भीमाशंकर आजोबा समजलीस?"

"फोन लाव तिला," मी म्हणाले. "आणि हसणं नंतर."

चौथ्या खेपेला तो उचलला गेला. पडद्यावर उज्वलाचे नाक तेवढे दिसत होते.

"उज्वला, मी पुनमची आजी बोलते. तुझी भिंत मी पाडली. तिचा यात काही दोष नाही. मी चुकले."

ती म्हणाली, "आजी, पुनमला वाचवायला म्हणून सांगून राहिलात तुम्ही. तुम्हाला फोनवर नंबरसुद्धा लावता येत न्हाई."

हे खरे होते, त्यामुळे अधिक लागले. आयुष्यात एकदा चूक कबूल केली, तर समोरची मुलगी ती मानायला तयार नव्हती.

"विचार मला काय विचारायचं ते," मी म्हणाले.

"पाणी आल्यावर काय केलं?"

"मागं सरले आणि मेंढ्यांचं फाटक लावलं."

नाकाच्या जागी दोन डोळे आले. "फाटक," उज्वला हळूच म्हणाली. "बरोबर. फाटक लावलेलं होतं. तवाच मला वाटलं, पुनम फाटक कधीपासून लावायला लागली?" आणि मग दोघी इतक्या हसल्या की मला काही काळ कोणी विचारलेच नाही.

हसणे ओसरल्यावर उज्वलाने अट घातली. "आजी, तुम्ही परवा यायचं. पुनमच्या नावानं न्हाई, तुमच्या नावानं. आणि भिंत तुम्हीच बांधून द्यायची."

"येईन," मी म्हणाले. "पण तू मला बोलवलं पाहिजेस."

"बोलवलं की."

येळवशीला आम्ही सारे शेतात होतो. पूजा झाली, पंगत बसायची वेळ आली. चिंचेखाली फोनला रेंज येते, म्हणून मी तिथे घोंगडी टाकून बसले. पुनमने मला नवा पुतळा करून दिला होता. डोक्यावर 'कावेरीबाई' असे नाव तरंगत होते आणि अंगात निळा सदरा होता. लुगडे मिळत नाही म्हणाली. तिच्या स्वतःच्या पुतळ्याच्या पिशवीत मी फोडलेले नऊ दगड तसेच पडून होते, ते तिने माझ्या हवाली केले.

मी उज्वलाच्या शेताच्या कडेपर्यंत चालत गेले आणि थांबले. दुसऱ्या फोनवर तिचा आवाज जोडलेला होता.

"उज्वला," मी हाक दिली. "मी कावेरीबाई. येऊ का?"

उत्तर आले नाही. नांदेडकडच्या फोनची रेंज गेली होती, खेळ मात्र चालूच होता. पुनम म्हणाली, "आजी, जा की आत, दिसतंय ना समदं."

"मालकीण बोललेली नाही."

कोपीतून सिंधुने जेवायला हाक मारली. मी हात हलवून नाही म्हटले. त्याच वेळी शेजारच्या शेतातून भीमाशंकर आंबिलीचा गडू घेऊन आले. खऱ्या धुऱ्यावर थांबून त्यांनी हाक दिली, मी 'या' म्हटले, तेव्हा आत आले. ही शिस्तही त्यांना मीच लावली होती.

"वहिनी, जेवायचं टाकून काय करून राहिलात?"

"धुऱ्यावर उभी आहे."

त्यांनी माझ्याकडे पाहिले, घोंगडीकडे पाहिले, मग पुनमने त्यांना सारी हकिकत सांगितली. माझे तीन ओळींचे प्रकरण ऐकताना त्यांच्या हातातला गडू हलू लागला.

"म्हंजे चुकीच्या माणसाचा धुरा फोडलात, वहिनी?"

"तुमचा बरोबर फोडला होता, भावजी. बसा आणि आंबील सांडू नका."

ते बसले. आम्ही तिघे पडद्याकडे बघत राहिलो. आयुष्यात मी कोणाच्या दारात इतका वेळ उभी राहिले नव्हते. बोलावणे आले नाही तर परत फिरावे लागेल, एवढेच मनात येत होते.

मग फोन खरखरला. "आजी? ऐकू येतंय का? या, या. लई वेळ उभ्या हायत का?"

"आत्ताच आले," मी म्हणाले.

उज्वलाचा पुतळा धावत आला आणि माझ्या पुढ्यात एक पाव टाकून उभा राहिला. "भज्जी हितं मिळत न्हाई, आजी. पाहुण्यानं आधी जेवायचं असतं." अंगठा दाबून धरला तेव्हा तो पाव खाल्ला गेला. मग मी कामाला लागले. पुनमच्या बाजूला तीन ओळी आत, जिथे उज्वलाने दाखवले तिथे, एकेक करून नऊ दगड बसवले. भीमाशंकर मान पुढे काढून बघत होते. "सरळ येऊ द्या," ते म्हणाले, आणि एकदा तर माझ्या आधी त्यांनीच वाकडा दगड दाखवला. उज्वलाने पाट सोडला, पाणी कोपीभोवती फिरले, कोठेही फुटले नाही. पुनमने तिसऱ्या फोनवरून आत येऊन दिवे लावले. चौकोनी कोपीत पाच चौकोनी दगड ओळीने बसले होते, आणि खरे सांगायचे तर चुना त्यांना आमच्यापेक्षा नीट लावलेला होता.

निघताना मी वाड्याचे फाटक लावले, कारण पुनम आत जाऊन आली होती.

"आजी," उज्वला म्हणाली, "आता हाक द्यायची गरज न्हाई. कधीबी या."

"हाक मी देणारच," मी म्हणाले. "तू तेवढी रेंजमध्ये राहत जा."