फिरती पाटी आणि गाळलेले दार

मित्रांनो, मला पाहून तुम्हाला वाटेल, ही कुठल्यातरी मोडक्या कपाटाची फळी असावी. तसे वाटले तर तुमची चूक नाही. मी एक जुनी फिरती पाटी आहे. जपानमधल्या हिनोसे नावाच्या छोट्या शहरात, डोंगराला टेकलेल्या वरच्या आळीत मी घरोघर फिरले. नगरपालिकेच्या सूचना माझ्या लोखंडी चिमट्यात अडकवलेल्या असत. एका घराने त्या वाचायच्या, कागदाच्या कडेला आपला छोटा लाल शिक्का उमटवायचा आणि मला उचलून शेजारी नेऊन द्यायचे. शेवटच्या घराचा शिक्का पडला की मी परत आळीच्या गटप्रमुखाच्या दारात. एवढेच माझे काम.

मूळची मी फळीच, हे मात्र खरे. हिनोसे शहर नव्हते तेव्हा इथे चार गावे होती. वरच्या गावाच्या कचेरीत मी मांडणीची फळी म्हणून भिंतीला ठोकलेली होते. मोठे युद्ध संपून काही वर्षे झाली आणि सरकारने सांगितले, लहान गावे एकत्र करा. मग काय भांडणे झाली म्हणता! खालच्या गावाकडे रेल्वे स्टेशन होते आणि वरच्या गावाकडे पाणी. खालचे म्हणत, शहराला आमच्या गावाचे नाव द्या. वरचे म्हणत, खुशाल द्या, मग पाणीही तुमच्याच जमिनीतून काढा. आमचे सरपंच मात्सुनागा एकदा इतके चिडले की डब्यातला भात अर्धा टाकून बैठकीतून उठून आले. शेवटी सगळ्या गावांच्या मधून वाहणाऱ्या नदीत एक उथळ जागा होती, तिचे नाव शहराला दिले. सगळेच सारखे नाराज झाले, म्हणून तह टिकला.

गावाची कचेरी पाडली तेव्हा किहाची सुताराने मला भिंतीवरून उतरवले, कापले, रंधा मारला आणि वर एक चिमटा बसवला. "कचेरी गेली तर गेली," तो बायकोला म्हणाला, "तिचा एक तुकडा तरी दारोदार फिरू दे." त्या दिवसापासून माझे फिरणे सुरू झाले.

मी काय काय वाहून नेले! कुत्र्यांना लस टोचायचा दिवस, बर्फ कुणी कुठे लोटायचे, विहिरीच्या पाण्याची तपासणी, शाळेच्या शर्यती, नगरसेवकांची निवडणूक. कुणी गेले तर त्याची बातमीही माझ्यावरूनच जाई. प्रत्येक घराचा वास मला ओळखू येई. एका घरी मुळ्याच्या लोणच्याचा, एका घरी मशीनच्या तेलाचा. माझ्या एका कोपऱ्यावर सोयाच्या रसाचा डाग आहे, तो हिरात्सुका आजोबांच्या जेवणाचा. रिवाज असा की मला नुसते दाराशी टाकून कुणी जात नसे. हाक मारायची, दार उघडेपर्यंत थांबायचे, दोन शब्द बोलायचे. पुष्कळदा माझ्यासोबत चार मुळे किंवा वाटीभर उकडलेल्या शेंगाही जात. एकदा नगराध्यक्ष आळीत आले होते. ते मला हातात घेऊन म्हणाले, "नगरपालिकेचे पाय हे असे आहेत." लोक हसले, मला मात्र फार बरे वाटले.

मला सगळ्यात जपणारे घर मुराकोशी तोमेसानचे. 'सान' हे आमच्याकडे आदराने नावाला जोडतात. त्या मला ओल्या हाताने कधी धरत नसत. सूचना मोठ्याने वाचून नवऱ्याला ऐकवत, कारण गेन्जोसानना कमी ऐकू येई.

"काय म्हणतात नगरपालिकावाले?" ते विचारत.

"म्हणतात, कचरा वेगवेगळा करा."

"मागच्या वेळीही हेच म्हणाले होते."

"मागच्या वेळी तुम्ही केला होता का?"

मग गेन्जोसान शिक्का शोधायचे निमित्त करून उठत.

एका हिवाळ्यात गेन्जोसान गेले. ती बातमी माझ्यावरच लावली होती. वरच्या आळीची पद्धत अशी की ज्या घरी दुःख झाले, त्या घरी काही आठवडे पाटी न्यायची नाही. बाईच्या डोळ्यांत पाणी असताना तिला कचऱ्याच्या सूचना काय द्यायच्या? त्यामुळे तोमेसानच्या अलीकडे राहणाऱ्या नोबुकोसान मला छातीशी धरून त्यांच्या फाटकावरून पुढे जात आणि थेट हिरात्सुका आजोबांकडे देत. जाताना फाटकापाशी मान लववत. मला वाटले, हे बरेच आहे. थोडे आठवडे सुतकाचे, मग मी परत त्या घरी जाईन.

दुःखाचे दिवस संपले. पण आता पाटी परत सुरू कुणी करायची? नोबुकोसानना वाटे, आपण दार वाजवले तर त्याचा अर्थ होईल, बाई, तुमचे रडणे पुरे झाले. हे आपण कसे म्हणायचे? गटप्रमुखांना वाटे, शेजारणीला जास्त कळते, तीच ठरवील. असे करत वर्ष सरले आणि नवे वर्ष आले. दुःखाच्या घरी नव्या वर्षाच्या शुभेच्छा द्यायच्या नसतात, म्हणून तेव्हाही कुणी गेले नाही. वसंतात गटप्रमुख बदलले. बसवर कंडक्टर म्हणून जन्म काढलेले सेकिनो कान्जीसान नवे गटप्रमुख झाले. मी ज्या वाटेने फिरत होते, तीच वाट त्यांनी नव्या कागदावर नीट अक्षरात लिहून घेतली. त्या कागदावर मुराकोशींचे घर नव्हते. कुणाच्या मनात वाईट काहीच नव्हते, मित्रांनो. सगळे फक्त अदबीने वागत होते.

वरच्या आळीत दर वसंतात शेताचा पाट साफ करतात. प्रत्येक घरातून एक माणूस फावडे घेऊन येतो. त्या वर्षीची सूचना माझ्यावर होती आणि ती तोमेसानना कुणी दाखवलीच नाही. मी त्या दिवशी कान्जीसानच्या ओसरीवर टांगलेली होते, तिथून सगळी गल्ली दिसत होती. लोक एकमेकांची थट्टा करत चिखल उपसत होते. तोमेसानच्या घरासमोरचा पाटही त्यांनी साफ केला, इतरांच्यापेक्षा जास्त काळजीने केला. खिडकीचा पडदा थोडा बाजूला झाला. तोमेसान आत उभ्या होत्या. हातात मोजे घातलेले होते. बहुधा आवाज ऐकून त्या बाहेर यायला निघाल्या असाव्यात. मग पडदा सरळ झाला. लोक गेले तरी त्या बाहेर आल्या नाहीत.

पानगळीच्या दिवसांत मी कान्जीसानच्या दाराआतल्या चपलांच्या कपाटावर होते. माझ्या चिमट्यात नुकतीच नवी सूचना अडकवली होती. नोबुकोसान सहज आल्या होत्या आणि त्या दोघांचे बोलणे रंगले होते. शेजारच्या मोठ्या शहराला आमचे हिनोसे गिळायचे होते. त्यावर पुढच्या आठवड्यात शाळेत सभा होती.

"आपली नगरपालिका जाणार, नगराध्यक्ष जाणार," नोबुकोसान म्हणाल्या. "मग खड्ड्याची तक्रार कुणाकडे करायची?"

"आता तरी कोण ऐकतंय?" कान्जीसान म्हणाले.

"तरी घरातल्या माणसावर ओरडता येतं हो."

इतक्यात दारात हाक आली. तोमेसान होत्या. हातात फडक्यात गाठोडे करून बांधलेले मिठाईचे खोके होते. त्या वाकल्या, इतक्या खाली की कान्जीसानही गडबडीने वाकले.

"इतकी वर्षं तुम्ही सगळ्यांनी सांभाळून घेतलंत," त्या म्हणाल्या. "मुलगा बोलावतोय. महिनाअखेर त्याच्याकडे जाईन म्हणते. घर बंद करीन."

"अरे वा," कान्जीसान म्हणाले. "मुलाला बरं वाटेल."

"हो. वाटेल."

"आणि तिकडे बर्फही नाही."

"बर्फ नाही."

दोघेही पुन्हा वाकले. मला वाटले, संपले! आता ह्या फाटकाबाहेर पडतील आणि कायमच्या जातील, आणि हे दोघे चांगले लोक दारात उभे राहून त्यांना नमस्कार करतील. मला तोंड असते तर मी ओरडले असते. पण लाकडाला कुठले तोंड?

ओरडल्या त्या नोबुकोसान. "पण जायचंच कशाला?" त्या एकदम म्हणाल्या. "तुम्हाला मुलाच्या वरच्या मजल्यावरच्या खोलीत करमणार आहे का? तुम्हीच म्हणायचात, त्याच्या घरात पाय पसरायला जागा नाही!"

"नोबुकोसान," कान्जीसान हळूच म्हणाले, "आपण असं विचारू नये."

"न विचारून काय भलं झालंय?"

तोमेसाननी गाठोडे खाली ठेवले. "इथे तरी मी कोण आहे?" त्या म्हणाल्या. आवाज चढला नव्हता. "पाट साफ केलात, मला बोलावलं नाहीत. माझ्या दारासमोरचा चिखल मला परक्यासारखा काढून दिलात. पाटी माझ्या फाटकावरून जाते, मी खिडकीतून बघते. रोज वाटतं, आज येईल. मी काही चुकले असेन तर सांगायचं होतं."

कान्जीसानचे कान लाल झाले.

"तुम्हाला त्रास नको म्हणून..." त्यांनी सुरुवात केली.

"दोन वर्षं?"

"तुमचं दुःख..."

"दुःख झालं होतं, कान्जीसान. हात नव्हते मोडले. फावडं धरता येतं मला. तुमच्यापेक्षा सरळ धरते."

नोबुकोसान हसायला लागल्या आणि हसता हसताच रडायला लागल्या. "मला वाटत होतं, दार वाजवलं तर तुम्ही म्हणाल, ही बाई मला रडूही देत नाही."

"आणि मला वाटत होतं, तुम्ही म्हणताय, ही अजून रडतेय का."

कान्जीसान आत गेले. येताना वाटेचा तो कागद घेऊन आले. कपाटावर ठेवून त्यांनी नोबुकोसान आणि हिरात्सुका या दोन नावांच्या मधे, जागा नव्हती तरी, बारीक अक्षरात मुराकोशी असे लिहिले. मग मला दोन्ही हातांनी उचलून तोमेसानच्या पुढे धरले.

"ही नवी सूचना आहे. पहिलं घर आज तुमचं," ते म्हणाले. "वाचून हिरात्सुका आजोबांना द्या. आणि... त्यांना मोठ्यानं हाक मारावी लागते. त्यांनाही आता कमी ऐकू येतं."

"ते मला जमतं," तोमेसान म्हणाल्या. "पुष्कळ सवय आहे."

त्यांनी मला हातात घेतले. हात कोरडे होते. सभेची सूचना त्यांनी तिथेच उभ्याउभ्या पूर्ण वाचली.

"आपलं शहर त्यांना देऊन टाकायचं? माझ्या सासऱ्यांनी ह्या नावासाठी खालच्या गावातल्या मेहुण्याशी बोलणं सोडलं होतं," त्या म्हणाल्या. "ह्या सभेला मी येणार. तेवढ्यापुरती तरी थांबते."

सभा झाली. तोमेसान बोलल्या, चांगल्या खणखणीत बोलल्या, असे मला माझ्या पुढच्या फेरीत प्रत्येक दारात ऐकायला मिळाले. हिनोसे थोडक्यात वाचले. त्यानंतर पाट साफ करायचा दिवस आला, मग बर्फाची पाळी आली. महिनाअखेरी येत राहिल्या. तोमेसानचे जाणे लांबत गेले, आणि पुढे त्याबद्दल कुणी विचारेनासे झाले. मुलगाच सणावाराला येऊ लागला. त्या स्वतः गटप्रमुख झाल्या तेव्हा एकही घर कधी गळले नाही. एखाद्या घरात मृत्यू झाला असला तर त्या मला घरी ठेवत, पण स्वतः रिकाम्या हाताने त्या दारी विचारपूस करायला जात.

मित्रांनो, आता सूचना फोनवर येतात. माझा चिमटा गंजला आहे आणि आळीच्या सभागृहात केरसुण्यांच्या शेजारी मी उभी आहे. मला पुसा, मला रंग द्या, असे मी म्हणणार नाही. माझे फिरून झाले आहे. तुमच्याकडे मागणे एवढेच, की तुमच्या गल्लीत असे एखादे दार असेल, ज्याच्यापुढून तुम्ही भल्या मनाने, आवाज न करता जाता, तर आज तिथे थांबा. दार वाजवा. आतून लगेच उत्तर आले नाही तर निघून जाऊ नका. फार दिवस वाट पाहिलेल्या माणसाला उठून दारापर्यंत यायला जरा वेळ लागतो.