जागा झालेला विस्तव

ओर्दाच्या लेकीची, यिस्काची, पाठवणी होती आणि सख्खी मामी असूनही केल्मा लांब भिंतीशी उभी होती. तिला कुणी पुढे ये म्हटलं नव्हतं. नवरा वारल्यावर विणकरांच्या पंचांनी घराण्याचा माग त्याच्या बहिणीला, ओर्दाला, न देता बायकोला दिला, तेव्हापासून नणंदेनं तिच्याशी बोलणंच टाकलं होतं. यिस्काची सासरी न्यायची घोंगडीही ओर्दानं दार लावून एकटीनं विणली.

घोंगडी दिसायला झकास होती. लोकरीच्या विणीतून निजवलेला विस्तव तांबूस रेघेसारखा फिरला होता. तशा घोंगडीवाचून सासरच्या वाटेवरची हार्गेनची खिंड कुणी चढत नाही. नुसत्या लोकरीत गेलेला माणूस बर्फ वितळल्यावरच सापडतो.

याकांवर ओझी चढली. तांड्याचा म्होरक्या तोरुक घाई करत होता. यिस्कानं अंगावरच्या घोंगडीखाली मान चोळली.

"आई, फार गरम होतंय गं."

"गरम व्हायलाच विणलीय. सासरी गेल्यावर म्हणशील, आईची ऊब कुठंय!"

बायका हसल्या. केल्मा हसली नाही. तिच्या नाकात वास शिरला होता, करपल्या केसांचा. घोंगडीवरची रेघ तांबूस राहिली नव्हती, पिवळी पडत चालली होती.

ती गर्दी कापत धावली. "यिस्का, हलू नकोस! विस्तव जागा झालाय."

कुणीतरी पाण्याची घागर उचलली. "खाली ठेव ती!" केल्मा ओरडली. "पाणी लागलं तर पोर पेटेल!" तोरुक घोंगडी ओढायला पुढे झाला, त्यालाही तिनं ढकललं. जागा झालेला विस्तव अंग सोडत नाही, ओढला तर कातडीसकट येतो. तो सोडवायचा एकच मार्ग, शेवटच्या गाठीपासून विस्तवाचा धागा उलटा उसवायचा. आणि गाठ कुठे मारली ते विणणारीलाच ठाऊक असतं.

"वन्सं, गाठ कुठंय?"

"डाव्या खांद्यावर," ओर्दा म्हणाली. तिचा चेहरा पांढराफटक पडला होता.

केल्मानं डावा खांदा चाचपला. गाठ नव्हती.

"इथं नाहीये."

"मग उजव्या... नीट बघ की!"

"तुम्ही बघा. तुम्हीच विणलीत ना?"

ओर्दा जागची हलली नाही. तिची नजर लेकीवर नव्हतीच, लेकीच्या जरा बाजूला कुठंतरी होती.

"वन्सं, तुम्हाला दिसत नाही?"

"मामी, भाजतंय," यिस्का हुंदका देत म्हणाली.

"नाही दिसत!" ओर्दा किंचाळली, सगळ्या गावादेखत. "पहिलं बर्फ पडलं तेव्हापासून नाही दिसत. बोटांच्या अंदाजानं विणलीय. झालं समाधान?"

"ते नंतर. बोटांनी विणलीत तर बोटांनीच शोधा. या."

केल्मानं तिचा हात धरून घोंगडीवर ठेवला. चर्र झालं. ओर्दानं ओठ दातांखाली धरला, पण हात काढला नाही. बोटं विणीवरून सरकू लागली, काठावरून पाठीवर, पाठीवरून मानेकडे. यिस्का थरथरत होती. थरथरीनं पीळ सैल पडतो आणि विस्तवाला वाट मिळते.

"यिस्का, माझ्याकडे बघ," केल्मा म्हणाली. "नवरा कसाय तुझा? नाक कसंय?"

"मो... मोठं आहे."

"किती मोठं?"

"याकाएवढं, मामी."

"मग हिवाळ्यात त्यावरच हात शेकशील. श्वास सोड. हळू."

"सापडली," ओर्दा पुटपुटली. "मानेखाली. वहिनी, घे लवकर."

वहिनी. पण केल्माला तेव्हा ते ऐकायला सवड नव्हती. तिनं नखानं गाठ उकलली आणि धागा ओढायला घेतला. जोरात ओढावा तर तुटेल, आणि तुटला की उरलेला सगळा एकदम पेटेल. हळू ओढावा तर पोरगी भाजतेय. तळहाताभोवती धाग्याचे वेढे पडत गेले, पहिले कोमट, मग चटके देणारे. कमरेपाशी धागा अडकला.

"ओढू नकोस," ओर्दा म्हणाली. "तिथं मी दोनदा फिरवलाय. थांब." तिनं विणीखाली बोट घालून धागा उचलून धरला. बोटाची कातडी पांढरी झाली, तरी तिनं तो सुटेपर्यंत धरून ठेवला.

शेवटचं टोक निघालं तशी केल्मानं हातावरचं भेंडोळं झटकून मोकळ्या खडकावर फेकलं. माणसाएवढी ज्वाळा उठली आणि विझली. यिस्का मटकन खाली बसली. मानेवर फोड उठले होते, पण ती रडत होती, म्हणजे जीव शाबूत होता.

"ऊन वर येण्याआधी निघायला हवं," तोरुक चाचरत म्हणाला. "नाहीतर पुढच्या मोसमात. पोरीला अंगावर काय घालणार?"

"माझी घे," म्हणत केल्मानं स्वतःची घोंगडी उतरवून पुढे केली. ओर्दानं ती मधेच पकडली. भाजलेल्या बोटांनी तिनं काठ चाचपला, पीळ चाचपला, गाठ शोधली, खूप वेळ. सगळे वाट बघत राहिले.

"बरी आहे," ती शेवटी म्हणाली आणि फोडांना लागणार नाही अशी ती लेकीच्या खांद्यावर बांधली.

तांडा चढणीला लागला. दोघी तिथंच उभ्या होत्या, केल्मा गारठ्यानं कुडकुडत.

"कुठवर गेली?" ओर्दानं विचारलं.

"पहिल्या वळणापाशी. मागं बघतेय."

"हात कर तिला. माझाही हात वर धर."

केल्मानं तिचं मनगट धरून वर उचललं.

"आता?"

"वळली. दिसत नाही."

"मग चल घरी," ओर्दा म्हणाली. "बोटं फार भाजलीत गं वहिनी."