दोघींचा बस्ता

"एका वेळी तीनच काढायच्या," शकुबाई गादीच्या कडेला बसत म्हणाल्या. "नको म्हटली की लगेच घडी. मग पुढची. ढीग नाय करायचा."

झुंबरभाऊ हातातला गठ्ठा तसाच धरून उभे राहिले. मेन रोडवरच्या या दुकानात ते तीस वर्षं साड्या दाखवत होते. कमी दाखवा, असं बस्त्याला आलेल्या बाईनं म्हटल्याचं त्यांना आठवत नव्हतं.

"मावशी, लग्नाची साडी म्हटल्यावर पन्नास तरी बघाव्या लागतात."

"पन्नास बघून झाल्या तिच्या रविवारी. एकबी घेतली नाय."

झुंबरभाऊंनी चैतालीकडे पाहिलं. पर्स मांडीवर घट्ट धरून ती बसली होती. बुधवारची सकाळ. दुकान नुकतंच उघडलं होतं, गल्ल्यापाशी लावलेली उदबत्ती अजून अर्धीही जळली नव्हती.

"लेकीचं लग्न का?"

"हां," शकुबाई म्हणाल्या. "लेकीचंच."

चैतालीनं मान वर केली नाही. शकुबाई तिच्या सासूबाई होत्या. चार वर्षांपूर्वी त्यांचा एकुलता एक मुलगा रविराज तीन दिवसांच्या तापात गेला, तेव्हा लग्नाला जेमतेम चौदा महिने झाले होते. मम्मी न्यायला आली, पण चैताली गंगापूर रोडला माहेरी गेली नाही. एकलहऱ्याजवळच्या दोन खोल्यांत सासू-सून दोघीच राहिल्या. चैताली नाशिकरोडला एका लॅबमध्ये कामाला जायची, शकुबाई घरामागच्या वाफ्यांत मेथी-कोथिंबीर करायच्या. गेल्या दिवाळीनंतर शकुबाईंनीच वणीच्या शाळेतल्या नवनाथ सरांचं स्थळ आणलं. चैताली दोनदा नाही म्हणाली. तिसऱ्यांदा ती गप्प बसली. नवनाथ साधा माणूस होता. बघायला आला तेव्हा चहाचा पहिला कप त्यानं स्वतः उचलून शकुबाईंच्या हातात दिला होता.

रविवारच्या खरेदीला शकुबाईंना कोणी बोलावलं नव्हतं. "त्यांना कशाला तो त्रास," मम्मी म्हणाली होती. मम्मी, दोन मावश्या, काकू, त्यांच्या सुना अशा अकरा बायका गंगापूर रोडच्या तीन मजली दुकानात शिरल्या. तासाभरात साड्यांचा ढीग गुडघ्यापर्यंत आला. एकीनं पुण्याच्या आत्याला व्हिडिओ कॉल लावला. जिला जी आवडेल ती साडी ती चैतालीच्या खांद्यावर टाकत होती आणि बाकीच्या तिच्याकडे न बघता साडीकडे बघत होत्या. मग कोणीतरी लाल शालू टाकला. चैतालीनं समोरच्या आरशात पाहिलं, शालू तिथंच सोडला आणि जिना उतरून शेवटच्या पायरीवर जाऊन बसली.

चक्कर आली असेल, सगळ्या म्हणाल्या. सकाळपासून पोटात काही नाही.

संध्याकाळी घरी शकुबाई मेथी निवडत होत्या.

"काय झालं तिथं?"

"गर्दी झाली फार."

"गर्दीला भेणारी नायस तू." त्यांनी एक काडी मोडली. "कोण व्हतं?"

तेव्हा चैतालीनं सांगितलं. पहिल्या लग्नाच्या बस्त्याला पुरुषमंडळी खाली बसली होती. रविराज ड्यूटीवरून थेट आला आणि हेल्मेट हातात घेऊन वर चढला, बायकांच्या मागं, आरशात तिच्या डाव्या खांद्यामागं दिसेल असा उभा राहिला. कोणाला कळलं नाही. लाल शालू तिच्या खांद्यावर आला, तेव्हा आरशातून त्यानं मान हलवली, नको. पोपटी आला, तेव्हा डोळे मिटून उघडले. तिनं पोपटी घेतला. ही गोष्ट त्या दोघांशिवाय कोणाला माहीत नव्हती.

"आणि आज?"

"लाल होता," चैताली म्हणाली. "त्यानं मान हलवली."

शकुबाईंचे हात थांबले. त्या घाबरल्या नाहीत, देवाचं नावही त्यांनी घेतलं नाही. त्यांनी एवढंच विचारलं,

"कसा दिसत व्हता?"

"तसाच."

"दाढी?"

"वाढलेली."

"सांगून सांगून थकले, दाढी कर म्हणून." त्यांनी मेथीची जुडी परत हातात घेतली, पण निवडली नाही. "चार वर्षं झाली. मला एकदा सपनात बी नाय आला."

मग त्या उठल्या, परात ओट्यावर ठेवली आणि पाठमोऱ्याच म्हणाल्या, "बुधवारी आपण दोघीच जाऊ. लहान दुकानात."

झुंबरभाऊंनी पहिल्या तीन साड्या उलगडल्या. शकुबाईंनी दुकानात आल्याआल्या भिंतीवरच्या आरशावर चादर टाकून घेतली होती. कारण झुंबरभाऊंनी विचारलं नाही. बस्त्याला येणाऱ्या बायकांच्या नाना तऱ्हा त्यांनी पाहिल्या होत्या.

"आधी हात लाव," शकुबाई म्हणाल्या. "रंग नंतर बघ. दिवसभर अंगावर तुलाच वागवायची हाय."

चैतालीनं हात लावला. पहिली टोचत होती. दुसरीचा काठ जड होता. तिसरी बरी होती, पण बरीच. पहिली गेली, चौथी आली. रस्त्यावर शटर वर जाण्याचे आवाज येत होते. सातवी आली, तेव्हा तिनं पर्स बाजूला ठेवली. नवव्या साडीवर तिचा तळहात टेकला आणि तिथंच राहिला. डाळिंबी रंग होता, काठ बारीक, पदर भरलेला.

"ही," ती म्हणाली.

"नक्की?"

"मऊ आहे. हलकी आहे." ती थोडी थांबली. "मला आवडली, आई."

खूप दिवसांत तिनं असं काही म्हटलं नव्हतं. शकुबाईंनी डोळ्यांच्या कडा पदरानं टिपल्या आणि झुंबरभाऊंना म्हणाल्या, "काढा ती चादर."

"आई, नको."

"बघावं लागंल. लग्नाच्या दिवशी आरसा झाकून चालंल का?" त्या उठून तिच्या डाव्या बाजूला येऊन उभ्या राहिल्या. "मी हाय ना."

झुंबरभाऊंनी पदर चैतालीच्या खांद्यावर नीट बसवला आणि चादर ओढली.

चैतालीनं आधी स्वतःच्या पावलांकडे पाहिलं, मग काठाकडे, मग पदराकडे. मग एकदम वर. आरशात ती होती. चार वर्षांनी थोराड झालेली, डोळ्यांखाली काळवंडलेली, डाळिंबी पदरातली एक बाई. शेजारी शकुबाई, मागं साड्यांची कपाटं आणि दारातून आलेलं ऊन. दुसरं कोणी नव्हतं. तिनं पुन्हा डाव्या खांद्यामागं पाहिलं. तिथं नुसती मोकळी जागा होती. तिला सुटल्यासारखं वाटलं. पण ही साडी कशी आहे, हे आता तिला कोणी सांगणार नव्हतं.

"छान दिसते," झुंबरभाऊ म्हणाले.

तेव्हा तिचं लक्ष शकुबाईंकडे गेलं. त्या आरशात बघतच नव्हत्या. मान अर्धी मागं वळलेली, ओठ किंचित हललेले. उजवा हात पदराशी होता. डावा हात मागं, कमरेपाशी होता आणि त्याची मूठ पुरती मिटलेली नव्हती. जत्रेत पळू बघणाऱ्या पोराचं मनगट धरावं तेवढी जागा बोटांच्या मधे होती. हाताच्या शिरा ताणल्या होत्या.

"आई?"

"झालं का बघून?" त्यांनी विचारलं. आवाज हलका होता, पोरीसारखा. "मग घेऊन टाक."

झुंबरभाऊंनी साडीची घडी केली आणि हळदीकुंकवाची कोयरी पुढं धरली. बस्त्यातल्या पहिल्या साडीला कुंकू लावायचं असतं. शकुबाई मागं सरकल्या.

"तुम्हीच लावा, भाऊ. मी कशी लावू?"

"आई, तुम्हीच," चैताली म्हणाली.

"लोक काय म्हणतील?"

"इथं कोण आहे?"

शकुबाईंनी एकदा मागं पाहिलं. उजव्या हाताच्या बोटानं त्यांनी हळद लावली, कुंकू लावलं. पदर सावरायला म्हणून त्यांनी डावा हात पुढं आणला नाही. त्यांचा पदर सुटला, तेव्हा तो चैतालीनंच सावरला.

बाहेर ऊन वाढलं होतं. बायका दुकानांच्या पायऱ्या चढत होत्या. शकुबाई गर्दीतून सावकाश चालत होत्या, अधूनमधून अर्धं पाऊल थांबत होत्या, मागच्याला जवळ येऊ द्यावं तशा. एरवी त्या चैतालीच्या पुढं असायच्या. शालिमार चौकात नाशिकरोडच्या शेअर रिक्षा भरत होत्या. चैताली एका रिक्षाकडे वळली, तेव्हा त्यांनी तिला थांबवलं.

"तू मम्मीकडं जा आता. साडी दाखव त्यांना. मला बोलवलं नाय म्हणून त्यांच्यावर राग धरू नको."

"संध्याकाळी येते मग."

"नको. लग्न होईस्तोवर तिकडंच राहा. कपडे मी कोणाजवळ तरी पाठवते."

"आणि तुम्ही एकट्या?"

शकुबाईंनी तिच्याकडे पाहिलं. चार वर्षांत त्यांच्या तोंडावर इतकं समाधान तिनं पाहिलं नव्हतं, आणि त्याची तिला भीती वाटली. त्यांनी उजव्या हातानं तिच्या गालावरून बोटं फिरवली, स्वतःच्या कानशिलाशी मोडली.

"नवनाथला सांग, माणूस बरा हाय म्हणून दिली. आता मागं वळून बघायचं नाय तू. तुझ्यामागं कोणी येणार नाय."

"आई, तुम्हाला..."

"सावकाश जा."

त्या रिक्षात चढल्या. आत सरकून बसल्या आणि दाराकडं तोंड करून, कोणाला तरी डोकं जपून आत यायला सांगावं तशी मान वाकवली. रिक्षावाला अजून दोन सीटसाठी ओरडत होता. साडीची पिशवी पोटाशी धरून चैताली फुटपाथवर उभी होती.

"जा गं बाई," शकुबाई आतून म्हणाल्या. "ऊन लागंल. आम्ही जातो."