कापण्यासाठी बांधलेला बोकड

"बोकड राहू द्या, खुर्ची काढा," परीक्षण मंडळाचे अध्यक्ष प्लातोन डोळे पुसत म्हणाले. हसून हसून त्यांच्या डोळ्यांत पाणी आले होते.

तिबिलिसीच्या आमच्या स्टुडिओत एल्गुजा कार्टूनपटांचा दिग्दर्शक होता आणि मी त्याची संकलक. कात्री माझ्या हातात. खरे तर चित्रात बोकड कापण्यासाठीच घातला होता. धंद्यातली जुनी युक्ती. परीक्षण मंडळ काही कापल्याशिवाय उठत नाही, म्हणून त्याच्यापुढे आधीच एक बोकड बांधून ठेवायचा, म्हणजे घरचे माणूस वाचते. एल्गुजाने बोकडाला अध्यक्षांची टोपी दिली, अध्यक्षांचे पोट दिले. इतके साम्य बरे नव्हे, असे मी म्हटलेही होते. साम्य दिसल्याशिवाय कापतील कसे, असे त्याचे म्हणणे. हिशेबात एकच गोष्ट धरायची राहिली: आपण कसे दिसतो हे प्लातोनसारख्यांना जन्मात कोणी सांगितलेले नसते.

खुर्ची मात्र खरी होती. जेवायला बसलेले घर, मध्ये एक रिकामी खुर्ची, आणि तिच्यापुढच्या पेल्यात रोज दारू ओतणारी बाई. कोण गेले, कुठे गेले, चित्रात एक अक्षर नाही. एल्गुजाच्या वडिलांना सदतीस सालच्या सरकारी धरपकडीत घरातून उचलून नेले, ते परत आले नाहीत. आम्हाला ठाऊक होते, मंडळालाही ठाऊक होते.

खुर्चीत वाईट काय, असे एल्गुजाने विचारले.

"रिकामी आहे ना," प्लातोन म्हणाले. "आपल्याकडे खुर्च्या रिकाम्या राहत नाहीत, बाबा. बसणारे पुष्कळ आहेत."

त्या बाईचा ओतणारा हात आमच्या मुलींनी महिनोन् महिने सेल्युलॉइडच्या पारदर्शक पानांवर रंगवला होता. पाने महाग. ती गरम पाण्यात धुऊन त्यांच्यावरच बोकडाच्या नव्या उड्या रंगवायला लावल्या. कार्यालय याला काटकसर म्हणे. माझ्याकडे दुसरा शब्द आहे, पण तो छापता येत नाही.

बोकड गाजला. मग तो शाळेत गेला, कारखान्यात गेला, अंतराळातही जाऊन आला. एल्गुजाची उरलेली सारी नोकरी त्याच्या मागे धावण्यात गेली. सरकारी किताब मिळाला, घर मिळाले. जमाखर्च जुळला की, असे म्हणणारे अजून भेटतात. त्यांना मी कॉफी विचारत नाही.

त्या पहिल्या चित्राच्या पहिल्या खेळाला एल्गुजाची आई माक्वाला आली होती, ठेवणीतला काळा पोशाख घालून. या चित्रात बाबा आहेत, असे त्याने तिला कधीच सांगून ठेवले होते. ते कापले, हे सांगायला त्याची जीभ रेटली नव्हती. मुले बोकडावर खिदळत होती. ती शेवटपर्यंत ताठ बसून बघत राहिली.

बाहेर प्लातोन स्वतः पुढे आले. मुलाने सगळ्या शहराला हसवले, असे तोंडभरून म्हणाले.

"हसवलं खरं," माक्वाला शांतपणे म्हणाली. "पण माझ्या नवऱ्याला तुम्ही कुठे ठेवलंत?"

इतक्या वर्षांत हा प्रश्न तिने कोणालाच विचारला नव्हता. ती चित्राबद्दल विचारते आहे की सदतीस सालाबद्दल, हे विचारण्याची कोणाची छाती झाली नाही.

प्लातोन तिच्या म्हातारपणाबद्दल काहीतरी पुटपुटले आणि अभिनंदनासाठी त्यांनी एल्गुजापुढे हात केला. तो खाली बसून आईच्या बुटाचा बंद बांधत होता. हात तसाच लोंबकळत राहिला. भोवतीची माणसे बघू लागली.

बंद बांधून झाला होता, मला दिसत होते. एल्गुजाने तो सोडला आणि पुन्हा बांधायला घेतला.