सकाळी मुका झालेला कॉम्प्युटर

मी एक जुना कॉम्प्युटर आहे, आणि स्वभावाने संशयी. जन्मतः नव्हतो. पण माझ्यात शिरणारा प्रत्येक प्रोग्रॅम गोडीगुलाबीने विचारतो, "कॉम्प्युटर सुरू झाला की मीही आपोआप सुरू होऊ ना?" माणसं न वाचताच 'हो' दाबतात. मग रोज सकाळी माझे डोळे उघडायच्या आत सगळे एकदम उठून छातीवर बसतात.

नवा होतो तेव्हा मी चुटकीसरशी सुरू व्हायचो. तेव्हाच या घरात आलो, ताईच्या खोलीत. ताईला दिसत नाही. डॉक्टर रुग्णांविषयी बोलून रेकॉर्ड करून ठेवतात, ते ती ऐकते आणि त्याचे रिपोर्ट टाइप करून पाठवते. माझ्या पडद्यावरचं तिला एक प्रोग्रॅम वाचून दाखवतो. तोही माझ्याबरोबरच उठतो.

तिचा धाकटा भाऊ बापू लोकांना गाडी शिकवतो. संध्याकाळी मी त्याच्या ताब्यात. "हा डबा भंगारात टाकू," तो सारखं म्हणायचा. "पुरे झालं तुझं टायपिंग, ताई. मी कमावतोय ना?" ताईची बोटं थांबायची. तेव्हापासून मी बापूवर नजर ठेवून होतो.

एका संध्याकाळी त्याने आपोआप उठणाऱ्यांची यादी उघडली आणि एकेकाला बंद करत सुटला.

सकाळी ताईने बटण दाबलं. मी ताडकन उठलो. अंग कसं हलकं वाटत होतं. पण आवाज नाही. ताईने वाट पाहिली, इअरफोन काढून पुन्हा घातला, माझ्यामागच्या वायरी चाचपल्या. रिपोर्ट दुपारपर्यंत गेले नाहीत तर डॉक्टर काम दुसऱ्याला देणार होते. मी तिच्यासमोर लख्ख उजळून बसलो होतो आणि मला एक शब्द फुटत नव्हता.

"बापू, जरा ये."

तो गालाला फेस लावलेला तसाच आला. "बघ, किती झटपट उघडला!"

"याला मुका कोणी केला?"

"मी फक्त नको ते बंद केलं."

"म्हणजे मला."

"ताई, काहीतरीच काय बोलतेस?"

"रोज म्हणतोस, काम सोड. आज सोडवलंसच."

बापूने घाईघाईने आवाज चालू केला. "अगं, नावावरून कळलंच नाही. वाटलं, फालतू काहीतरी असेल."

"असेल," ताई म्हणाली. "ऊठ आता. यादी मी बघते."

आवाज एकेक नाव वाचू लागला. बंद, बंद, बंद. त्या आवाजाखेरीज एकच चालू निघालं.

"हा पत्त्यांचा डाव कोणाचा?"

"माझा," बापू पुटपुटला.

"याचं नाव बरं कळलं तुला."

तिने डाव बंद केला आणि कामाला लागली. रिपोर्ट वेळेत गेले. भंगाराचा विषय बापूने पुन्हा काढलेला नाही.

आता मी लवकर उठतो. तुमच्याही कॉम्प्युटरवरचं ओझं उतरवा, जरूर उतरवा. फक्त एखाद्याला बंद करण्याआधी घरात विचारा, याच्यावाचून कोणाचं अडतं का? आमच्याकडे बापू आता विचारतो. तरीही ताई रोज सकाळी बटण दाबते आणि पहिला शब्द ऐकू येईपर्यंत श्वास रोखून धरते.