तेरावी कादंबरी

अमेरिकेतल्या ॲन आर्बरच्या क्लिनिकमध्ये पहिल्याच दिवशी उपासनाने हिल्डा कार यांच्यासमोर चमच्याचं चित्र ठेवलं. हिल्डाबाई बराच वेळ त्याच्याकडे बघत राहिल्या. ओठ हलले, पण आवाज फुटेना. शेवटी त्या म्हणाल्या, "समुद्र."

आपलं चुकलं हे त्यांना लगेच कळलं. त्यांनी टेबलावर मूठ आपटली आणि खणखणीत आवाजात शिवी हासडली, "डॅम!"

"हा शब्द मात्र अगदी स्पष्ट आला," उपासना म्हणाली. हिल्डाबाई खळखळून हसल्या.

उपासना मेश्राम नागपूरची. मेंदूच्या झटक्यानंतर ज्यांची भाषा जाते, अशा माणसांना पुन्हा बोलतं करण्याचं शिक्षण घ्यायला ती इथल्या युनिव्हर्सिटीत आली होती. हिल्डाबाई चौऱ्याहत्तर वर्षांच्या, इंग्लंडमधल्या. तिथे झटका आला, उजवा हात लुळा पडला, बोलणं गेलं. मुलगा मार्टिन इथे प्राध्यापक होता, तो त्यांना आपल्या घरी घेऊन आला होता. समोरच्याचं बोललेलं त्यांना सगळं समजायचं. डोक्यातला शब्द जिभेपर्यंत यायची वाट तेवढी बुजली होती.

सेशन संपल्यावर मार्टिन कॉरिडॉरमध्ये हळूच म्हणाला, "तिला शब्द सापडत नाहीत, हे बघवत नाही गं. आयुष्यभर तिने तेच काम केलं. तरुण मुलांसाठी लिहायची ती. हिल्डा रॅमशॉ या नावाने."

उपासना जागीच थांबली. "हिल्डा रॅमशॉ? फेरीबोट चालवणाऱ्या नेलची कादंबरी? ती त्यांची?"

"तू वाचलीयस?" मार्टिनलाच आश्चर्य वाटलं.

वाचली होती! नागपुरात त्यांच्या इंदोरा वस्तीत बुद्धविहाराची अभ्यासिका होती. तिथे स्पर्धा परीक्षांच्या गाइडांमध्ये कुणीतरी देणगीत दिलेली ती एकच इंग्रजी कादंबरी होती. उपासना तेव्हा आठवीत, मराठी माध्यमात. शेजारी डिक्शनरी उघडी ठेवून अख्खा उन्हाळा तिने ते पुस्तक वाचून काढलं होतं. सोळा वर्षांची नेल बापाच्या आजारपणात फेरीबोट चालवते, बाप वाचत नाही, आणि दुसऱ्या दिवशीही माणसं पलीकडे जायला काठावर उभी असतात. मुलांच्या पुस्तकात इतकं खरं लिहायची कुणाची हिंमत होते, याचं तिला त्या वयातही नवल वाटलं होतं. ते लिहिणारा हात आता तिच्यासमोर टेबलावर निपचित पडलेला असायचा.

पुढच्या भेटींमध्ये मार्टिनकडून बाकीचं कळत गेलं. हिल्डाबाईंचे वडील बंदरावर मासळीच्या पेट्या उचलायचे. शिकून त्या शाळेत शिक्षिका झाल्या. वर्गातली पंधरा वर्षांची मुलं म्हणायची, "मिस, लायब्ररीतली पुस्तकं एक तर बाळांची असतात, नाहीतर म्हाताऱ्यांची." म्हणून त्या स्वतःच लिहायला लागल्या. मुलांसाठी फार दुःखी आणि मोठ्यांसाठी फार पोरकट, असं सांगून प्रकाशक हस्तलिखितं परत पाठवायचे. अखेर एका छोट्या प्रकाशकाने पुस्तक काढलं. बारा कादंबऱ्या झाल्या. एकीला मोठं बक्षीस मिळालं. मग काळ बदलला आणि पुस्तकं दुकानांतून नाहीशी झाली. हिल्डाबाई शाळेत शिकवत राहिल्या, शाळा भरायच्या आधी लिहीत राहिल्या. पुढे वाचकांची एक नवी पिढी आली आणि तिने ती सगळी पुस्तकं शोधून काढून पुन्हा छापायला लावली.

"आणि तेरावी अर्धवट राहिली," मार्टिन म्हणाला. "शेवटची दोन-तीन प्रकरणंच उरलीयत. प्रकाशक म्हणतात, दुसऱ्या लेखकाकडून पूर्ण करून घेऊ. मला तरी बरोबर वाटतं ते."

हिल्डाबाई शेजारीच बसल्या होत्या. त्यांनी जोरात मान हलवली. "नाही. मी."

उपासनाने मग तेच हस्तलिखित सरावासाठी घ्यायचं ठरवलं. ती मोठ्याने वाचायची, हिल्डाबाई एकेक वाक्य तिच्यामागून म्हणायच्या. गोष्ट यारा नावाच्या सोळा वर्षांच्या मुलीची होती. युद्धातून सुटून ती इंग्लंडमधल्या एका बंदराच्या गावी येते. तिसऱ्या प्रकरणात नव्या शाळेच्या पहिल्याच दिवशी ती आपल्याबद्दल पानभर बोलते. सुंदर बोलते. उपासना रंगून वाचत होती.

"नाही," हिल्डाबाई मध्येच म्हणाल्या.

"दमलात? थांबू या?"

"नाही. खोटं." त्यांनी कागदावर बोट ठेवलं, मग स्वतःच्या छातीवर. "मी... खोटं. शब्द फार. यारा... शब्द नाही." त्यांनी गळ्याला हात लावला. "आता. कळलं."

आणि डाव्या हाताने तो सगळा गठ्ठा त्यांनी टेबलावरून थेट कचऱ्याच्या डब्यात ढकलला.

"अहो, दोन वर्षांचं काम आहे हे!" उपासना जवळजवळ ओरडलीच.

"हो," हिल्डाबाई शांतपणे म्हणाल्या. "पेन?"

त्या हिवाळ्यात तेरावी कादंबरी पहिल्या ओळीपासून पुन्हा सुरू झाली. बाहेर बर्फ साचलेलं असायचं, बस उशिरा यायच्या, पण हिल्डाबाईंनी एकही सेशन चुकवलं नाही. डाव्या हाताची अक्षरं वाकडीतिकडी यायची. कधी अख्ख्या सकाळीत एकच वाक्य व्हायचं. मदत म्हणून उपासनाही सुरुवातीला शब्द पुरवायला जायची. यारा शाळेच्या कँटीनमध्ये बसली आहे, असा प्रसंग होता. हिल्डाबाई अडल्या, डोळे मिटून शोधत राहिल्या.

"एकटी?" उपासनाने सुचवलं.

हिल्डाबाईंनी हात वर करून तिला थांबवलं. बराच वेळ गेला. मग त्यांनी लिहिलं: 'दोन्हीकडे खुर्ची. रिकामी.'

उपासनाने ते दोनदा वाचलं. तिने पुरवलेल्या शब्दापेक्षा त्या खुर्च्या कितीतरी जास्त बोलत होत्या. त्या दिवसापासून तिने शब्द सुचवणं सोडलं.

त्या आठवड्यात आईशी व्हिडिओ कॉल झाला.

"मग तू काय शिकवतेस तिले?" आईने विचारलं.

"काही नाही गं. बाजूला बसते."

"बाजूला बसायले अमेरिकेत गेली काय व?" आई हसली. मग उपासनाने खुर्च्यांची ओळ मराठीत करून सांगितली. आईने हातातलं काम बाजूला ठेवलं. म्हणाली, "बसून राह्य बाई. बसून राह्य तिच्यापाशी."

एकदा काम लवकर थांबलं, तेव्हा उपासनाने हिल्डाबाईंना अभ्यासिकेतल्या त्या उन्हाळ्याबद्दल सांगितलं. इतके दिवस संकोचाने राहून गेलं होतं. "माझं निम्मं इंग्रजी तुमच्या पुस्तकातून आलंय," ती म्हणाली.

हिल्डाबाईंनी तिच्याकडे रोखून पाहिलं. मग डावा हात तिच्यापुढे पसरला.

"परत दे."

दोघी इतक्या हसल्या की शेजारच्या खोलीतून एक जण बघायला आला. हसता हसता हिल्डाबाईंचे डोळे भरून आले. पसरलेला हात त्यांनी उपासनाच्या गालावर ठेवला आणि काही वेळ तसाच राहू दिला.

दुसरा हिवाळा सरत आला तेव्हा कादंबरी पूर्ण झाली. सडपातळ, छोट्या छोट्या वाक्यांची. प्रकाशकाने एकही वाक्य जोडलं नाही. पुस्तक बाहेर आल्यावर गावातल्या लायब्ररीने हिल्डाबाईंना बोलावलं. हॉलमध्ये हायस्कूलची मुलं दाटीवाटीने, खाली जमिनीवरसुद्धा बसली होती. मार्टिनने "मी वाचू का?" विचारलं, तर त्याला फक्त एक नजर मिळाली.

हिल्डाबाई स्वतः वाचायला लागल्या. पहिला परिच्छेद झाला. दुसऱ्यात त्या अडकल्या. स्वतःच लिहिलेला शब्द समोर छापलेला होता, पण तोंडात येईना. उपासना जागची हलली नाही. शंभरेक मुलं होती. एकानेही फोन काढला नाही, कुणी शब्द सांगितला नाही, कुणी खोकलंसुद्धा नाही. सगळी नुसती वाट पाहत होती. हिल्डाबाईंनी मान वर करून त्यांच्याकडे पाहिलं, शांतपणे एकेका चेहऱ्याकडे. मग पुन्हा पानाकडे वळल्या आणि तो शब्द उच्चारला.

"पाणी."

त्या साध्या शब्दावर मुलांनी टाळ्या वाजवल्या असत्या, तर तो नुसता कौतुकाचा कार्यक्रम झाला असता. मुलांनी तसं केलं नाही. गोष्ट पुढे काय म्हणते, हे त्यांना ऐकायचं होतं. उपासनाला त्या क्षणी कळलं, की या बाई एवढी वर्षं नेमकं कुणासाठी लिहीत होत्या.

वाचन संपल्यावर पुढे बसलेल्या एका मुलीने हात वर केला. "तुमचं पुढचं पुस्तक कधी?"

मार्टिन हसला. मोठी माणसंही हसली. पंच्याहत्तरी ओलांडलेल्या, एवढ्याशा पुस्तकासाठी दोन हिवाळे झगडलेल्या बाईंना कुणी हे विचारावं!

हिल्डाबाई हसल्या नाहीत. त्यांनी विचार केला.

"उद्या," त्या म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी उपासना क्लिनिकमध्ये पोचली, तोच मार्टिनचा फोन आला. "आजचं सेशन कॅन्सल करशील का?" तो कुजबुजत होता. "आई लिहितेय."